शस्त्रपरवान्याचे नूतनीकरण आणि नकाराच्या मर्यादा

(ज्ञातिमंडळाच्या वार्षिक संमेलनात शिरूर व दौंड तालुक्यांतील ज्ञातिबांधवांपुढे दिलेले व्याख्यान)



दरवर्षी या व्यासपीठावरून विद्याप्रसार, विवाहातील उधळपट्टी, व्यसनमुक्ती अशा विषयांवर जाणत्या मंडळींची भाषणे होतात. यंदा मजसारख्या निवृत्त शिक्षकास बोलावयास उभे केले, हा मंडळाचा माझ्यावरील लोभ होय. मी वकील नव्हे. जुन्या अकरावीची परीक्षा उतरलो, अध्यापनाचे शिक्षण घेतले आणि सारी हयात मुलांस बाराखडी व पाढे शिकविण्यात घालविली. अशा माणसाने बंदुकीच्या परवान्यावर बोलावे हे ऐकून कित्येकांस हसू येईल. परंतु हा विषय मी हौसेने निवडलेला नाही. माझ्या हातून घडलेल्या एका चुकीने तो मजकडे आला आहे. ती चूक आधी सांगतो, म्हणजे पुढील विवेचनाचे प्रयोजन ध्यानी येईल.

माझ्या थोरल्या बहिणीचे यजमान, ज्यांस आम्ही घरात दाजी म्हणतो, सैन्यातून निवृत्त होऊन गावी आले. त्यांजजवळ बारा बोअरची दुनळी बंदूक होती व तिचा रीतसर परवाना होता. आपल्या दोन्ही तालुक्यांत निवृत्त सैनिकांची संख्या लहान नाही, आणि त्यांपैकी अनेकांचे पोट या परवान्यावरच चालते. दाजीही एका पतसंस्थेत बंदूकधारी पहारेकरी होते. वीस वर्षांहून अधिक काळ त्यांच्या परवान्याचे नूतनीकरण बिनबोभाट होत गेले. २०१८ साली मात्र एका ओळीचा हुकूम हाती आला : पोलीस अहवाल प्रतिकूल असल्याने नूतनीकरण नाकारण्यात येत आहे. बस्स, एवढेच. अहवालात काय आहे, तो प्रतिकूल का आहे, याचा उल्लेख नव्हता.

दाजी तो कागद घेऊन माझ्या ओसरीवर आले. म्हणाले, "गुरुजी, जरा वाचून सांगा, यात पुढं काही करता येतं का." मी चष्मा लावून कागद वाचला, घडी करून परत दिला आणि म्हणालो, "दाजी, सरकारी हुकूम आहे. आता काय करणार?" त्यांनी शिस्तीच्या माणसाप्रमाणे दुसऱ्याच दिवशी बंदूक व काडतुसे पोलीस ठाण्यात जमा केली आणि पावती घेतली. महिना सरण्यापूर्वी नोकरी गेली.

आठ महिन्यांनी माझा एक जुना विद्यार्थी, जो आता वकिली करतो, घरी आला असता सहज हा विषय निघाला. त्याने कागद पाहिला आणि मला विचारले, "गुरुजी, यात कारण कुठं आहे?" चाळीस वर्षे मी मुलांस 'उत्तराचे कारण लिहा' असे सांगत आलो आणि सरकारी शिक्का दिसताच स्वतः कारण विचारावयाचे विसरलो. त्या दिवसापासून मी या कायद्याचे वाचन सुरू केले. त्यातून जे समजले ते आज आपणांपुढे मांडीत आहे.

प्रथम थोडा पूर्वेतिहास पाहू. १८७८ साली लॉर्ड लिटन यांच्या कारकीर्दीत हत्यारांचा कायदा झाला. गोऱ्या लोकांस सूट आणि एतद्देशीयांस परवान्याची सक्ती, असा त्याचा कारभार होता. पुढील वर्षीच, १८७९ च्या फेब्रुवारीत, वासुदेव बळवंत फडके यांनी आपल्या शिरूर तालुक्यातील धामारीवर पहिला छापा घातला. हत्यारबंदीचा कायदा आपल्या मुलखात नुसता पुस्तकात राहिलेला नव्हता, हे यावरून दिसेल. राष्ट्रीय चळवळीच्या पुढाऱ्यांस तो कायदा अपमानास्पद वाटत असे. म्हणूनच १९३१ च्या कराची काँग्रेसने मूलभूत हक्कांच्या ठरावात नियमांस अधीन राहून शस्त्र बाळगण्याचा हक्कही घातला होता.

परंतु राज्यघटना घडत असता निराळा निर्णय झाला. १९४८ च्या डिसेंबरात घटनासमितीत ह. वि. कामत यांनी शस्त्र बाळगण्याचा हक्क मूलभूत हक्कांत घालावा अशी सूचना मांडली. डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांनी तिला विरोध केला व ती नामंजूर झाली. शस्त्रावर नियमन ठेवण्याची सत्ता राज्याच्या हाती असणे समाजाच्या सुरक्षिततेसाठी आवश्यक आहे, हा त्यामागील विचार होय, आणि तो मला योग्य वाटतो. ज्या गावात बांधावरून भाऊ भावाच्या अंगावर कुऱ्हाड घेऊन धावतो, त्या गावात प्रत्येकाच्या हाती बंदूक द्यावी असे कोणता शहाणा म्हणेल? सबब बंदूक हा आपला मूलभूत हक्क नव्हे, ही गोष्ट आरंभीच पक्की समजावी.

मग नागरिकास काय उरले? याचे उत्तर १९५९ च्या शस्त्र अधिनियमात आहे. हा कायदा १ ऑक्टोबर १९६२ पासून अमलात आला व १८७८ चा कायदा गेला. बंदुकीचा हक्क नसला तरी आपल्या अर्जाचा विचार कायद्याप्रमाणे व्हावा हा हक्क नागरिकास आहे. या दोहोंतील भेद ज्यास उमगला त्यास माझे सारे व्याख्यान उमगले असे समजावे.

आता कलमांकडे वळू. कलम १३ प्रमाणे अर्ज आल्यावर परवाना देणारे अधिकारी जवळच्या पोलीस ठाण्याचा अहवाल मागवितात. आपल्या ग्रामीण भागात हे अधिकारी म्हणजे जिल्हादंडाधिकारी, अर्थात जिल्हाधिकारी होत. अहवाल आल्यावर त्यांनी चौकशी करून लेखी हुकूम द्यावयाचा असतो. येथे एक गोष्ट ध्यानी ठेवावी. पोलीस फक्त अहवाल देतात. निर्णय अधिकाऱ्याचा असतो. अहवाल हा निर्णयाचा आधार होऊ शकतो, पण अहवाल म्हणजेच निर्णय नव्हे. ठरलेल्या मुदतीत अहवाल आला नाही, तर त्याची वाट न पाहता हुकूम देण्याची मोकळीकही कायद्याने अधिकाऱ्यास दिली आहे.

नकार केव्हा देता येतो हे कलम १४ मध्ये सांगितले आहे. निषिद्ध शस्त्रांची गोष्ट वेगळी. साध्या बंदुकीपुरते पाहता, कायद्याने ज्यास शस्त्र बाळगण्याची मनाई आहे तो, विकल मनाचा माणूस, किंवा अन्य कारणाने परवान्यास अपात्र असा माणूस, यांस नकार देता येतो. सार्वजनिक शांतता किंवा सुरक्षितता यांसाठी आवश्यक वाटल्यासही नकार देता येतो. ही सत्ता विस्तृत आहे यात संशय नाही. परंतु त्याच कलमात दोन मर्यादा घातल्या आहेत. पहिली मर्यादा अशी की, पुरेशी मालमत्ता नाही एवढ्याच कारणाने कोणासही नकार देता येत नाही. गरीब माणसाचा जीव व अब्रू श्रीमंताच्या जिवाइतकीच मोलाची आहे, हे कायद्याने येथे मान्य केले. दुसरी मर्यादा याहून महत्त्वाची आहे. नकार देताना अधिकाऱ्याने कारणे लेखी नोंदविली पाहिजेत, आणि अर्जदाराने मागणी केल्यास त्यांचा थोडक्यात गोषवारा त्यास दिला पाहिजे. असा गोषवारा देणे लोकहिताचे नाही असे अधिकाऱ्याचे मत असेल तरच तो रोखून धरता येतो.

नूतनीकरणाविषयी कलम १५ आहे. पूर्वी परवान्याची मुदत तीन वर्षे असे, २०१९ च्या दुरुस्तीनंतर ती पाच वर्षे झाली. हे कलम सांगते की परवाना त्याच मुदतीसाठी वेळोवेळी नूतनीकरणास पात्र राहील, आणि अधिकाऱ्यास निराळा निर्णय घ्यावयाचा असेल तर त्याने कारणे लेखी नोंदविली पाहिजेत. म्हणजे नूतनीकरण हा नेहमीचा मार्ग होय, आणि नकार हा अपवाद. जो अपवाद करू पाहतो त्यानेच कारण दाखवावयाचे आहे. कलम १३ व १४ मधील नियम नूतनीकरणासही लागू आहेत. यास्तव वीस वर्षे ज्याने बंदूक सांभाळली, ज्याच्याविरुद्ध एकही गोळी अकारण झाडल्याची तक्रार नाही, त्यास या खेपेस नाही म्हणताना मध्यंतरी काय बदलले, याचे उत्तर हुकुमात दिसावयास हवे.

येथे कोणी विचारील की, कारण हुकुमात नसले तरी दप्तरात असेल, पुढे विचारल्यावर अधिकारी सांगतील, मग बिघडले काय? याचे उत्तर सर्वोच्च न्यायालयाने फार पूर्वी दिले आहे, आणि तेही आपल्या मुंबईच्या एका प्रकरणात. अंधेरी येथे चित्रपटगृह बांधण्याची परवानगी मुंबईच्या पोलीस आयुक्तांनी १९४७ साली दिली व पुढे सरकारच्या सूचनेवरून ती रद्द केली. 'पोलीस आयुक्त, मुंबई विरुद्ध गोर्धनदास भानजी' या नावाने तो खटला प्रसिद्ध आहे. १९५१ साली न्यायालयाने निकाल दिला की, कायद्याने जो निर्णय ज्या अधिकाऱ्यावर सोपविला आहे तो त्याने स्वतःच्या विवेकाने घेतला पाहिजे, दुसऱ्याच्या सांगण्यावरून नव्हे. तसेच हुकुमाचा अर्थ त्यातील शब्दांवरून लावावयाचा, मागाहून केलेल्या खुलाशांवरून नव्हे. निवडणुकीसंबंधीच्या मोहिंदरसिंग गिल खटल्यात १९७७ च्या डिसेंबरात हेच तत्त्व पुन्हा ठासून सांगितले गेले. चित्रपटगृहाच्या परवानगीस जो न्याय लागतो तोच बंदुकीच्या परवान्यासही लागतो.

आता पोलीस अहवाल प्रतिकूल का होतो ते पाहू. आपल्याकडे त्याचे मूळ बहुधा बांधात, वाटेत किंवा पाण्याच्या पाळीत असते. दोन घरांत कुरबूर होते, परस्परांविरुद्ध फिर्यादी होतात आणि घरातील सर्व पुरुषांची नावे त्यांत गोवली जातात. दाजींचेही तसेच झाले होते. भावकीच्या भांडणात त्यांचे नाव आले होते, पुढे तडजोड होऊन ते प्रकरण मिटलेही होते, परंतु ठाण्याच्या नोंदीत ते तसेच राहिले. केवळ एखादा गुन्हा दाखल आहे किंवा एखादे प्रकरण प्रलंबित आहे एवढ्यावरून माणूस आपोआप अपात्र ठरत नाही, असे देशातील उच्च न्यायालयांनी वेळोवेळी सांगितले आहे. आरोप काय, त्यात शस्त्राचा वापर झाला काय, त्याचा निकाल काय लागला, आणि या माणसाच्या हाती बंदूक राहिल्याने शांततेस खरोखर धोका आहे काय, याचा विचार हुकुमात दिसला पाहिजे.

परंतु, बंधूंनो, एक बाजू सांगून मी थांबलो तर तो आपला बुद्धिभेद होईल. कलम ९ मध्ये काही स्पष्ट मनाया आहेत, त्यांत अधिकाऱ्यास दयामाया करता येत नाही. वयाची एकवीस वर्षे पुरी न झालेल्यास बंदूक बाळगता येत नाही. हिंसेच्या किंवा नैतिक अधःपतनाच्या गुन्ह्यात कैदेची शिक्षा झाली असेल, तर शिक्षा संपल्यावरही पाच वर्षे मनाई राहते. तिसरी मनाई आपल्या लोकांस बहुधा ठाऊकच नसते. ज्यास आपण 'चॅप्टर केस' म्हणतो, त्यात शांतता राखण्याचा किंवा चांगल्या वर्तणुकीचा बंध लिहून देण्याचा हुकूम झाला, तर त्या बंधाची मुदत असेपर्यंत शस्त्र बाळगण्यास मनाई आहे. 'सही केली की घरी जाता येते' म्हणून आपली माणसे तारीख टाळण्यासाठी बंधास निमूट मान्यता देतात, आणि मग परवाना का अडला म्हणून कपाळास हात लावतात. ज्याच्याजवळ परवाना आहे त्याने असा बंध वकिलास विचारल्याखेरीज लिहून देऊ नये.

आपल्या भागातील आणखी एक प्रश्न बिबट्याचा आहे. घोड नदीच्या काठचा ऊस वाढला तसा शिरूरकडे बिबट्याचा वावर वाढला. २०२५ च्या ऑक्टोबर-नोव्हेंबरात पिंपरखेड व जांबूत परिसरात लहान मुले व वृद्ध दगावली, ते दुःख अद्याप ताजे आहे. वस्तीवर राहणाऱ्याने 'आम्हांस बंदूक हवी' असे म्हणावे हे समजण्यासारखे आहे. स्वसंरक्षणासाठी किंवा पिकाच्या रक्षणासाठी परवाना मागण्याची तरतूद कायद्यात आहे, आणि एकाकी वस्तीवरील भय हे अर्जात मांडण्याजोगे कारण आहे. परंतु परवाना मिळाला म्हणजे बिबट्या मारण्याची मुभा मिळाली असे नव्हे. १९७२ च्या वन्यजीव संरक्षण अधिनियमाने त्यास सर्वांत वरचे संरक्षण दिले आहे. जीव वाचविताना सद्भावनेने घडलेली गोष्ट तेवढी कायदा गुन्हा मानीत नाही. त्याच अधिनियमाप्रमाणे अभयारण्यापासून दहा किलोमीटरच्या आत नवा शस्त्रपरवाना देण्यास मुख्य वन्यजीव रक्षकांची पूर्वसंमती लागते. सुप्याचे मयूरेश्वर अभयारण्य दौंडच्या सीमेलगत आहे, हे त्या बाजूच्या गावांनी ध्यानात ठेवावे.

निवडणुकीच्या काळात शस्त्रे जमा करण्याचा हुकूम निघतो, त्याविषयीही गैरसमज आहे. शस्त्र जमा करणे म्हणजे परवाना रद्द होणे नव्हे. मुंबई उच्च न्यायालयापुढे आलेल्या गोव्याच्या एका प्रकरणानंतर निवडणूक आयोगाने २००९ साली सूचना दिल्या की, सरसकट सर्वांकडून शस्त्रे न घेता छाननी समितीने प्रत्येक प्रकरणाचा विचार करावा. आपल्याकडून शस्त्र घेतले गेले तर पावती घ्यावी व निवडणूक आटोपताच ते परत मागावे.

आता नकार आल्यास काय करावे ते सांगतो. पहिली गोष्ट, मुदत संपल्यावर बंदूक घरात ठेवू नये. कलम २१ प्रमाणे ती पोलीस ठाण्यात किंवा परवानाधारक विक्रेत्याकडे जमा करावी. न्याय आपल्या बाजूस असला तरी बिनपरवाना बंदूक घरात सापडली तर तो स्वतंत्र व भारी गुन्हा होतो. दुसरी गोष्ट, हुकूम ज्या दिवशी हाती आला ती तारीख त्यावर टिपून ठेवावी. तिसरी, कारणांचा गोषवारा मिळावा असा लेखी अर्ज द्यावा व त्याची पोच घ्यावी. माहितीच्या अधिकाराच्या २००५ च्या कायद्याखालीही, त्यातील अपवाद वगळून, कागद मागता येतात. चौथी, तीस दिवसांच्या आत अपील करावे. जिल्हादंडाधिकाऱ्यांच्या हुकुमावर विभागीय आयुक्तांकडे अपील चालते. उशीर झाल्यास त्याचे सबळ कारण दाखवून तो माफ करून घेता येतो. अपीलकर्त्यास म्हणणे मांडण्याची वाजवी संधी दिल्याखेरीज अपील निकालात काढता येत नाही, असे कलम १८ सांगते. तेथेही दाद लागली नाही तर उच्च न्यायालय आहे. मात्र न्यायालय बहुधा स्वतः परवाना देत नाही. हुकूम कायद्याप्रमाणे झाला की नाही एवढेच ते पाहते, आणि झाला नसेल तर प्रकरण फेरविचारासाठी परत पाठविते.

आणि नकार येऊच नये म्हणून मुदत संपण्यापूर्वी दोन महिने तरी अर्ज करावा. परवान्यावर यूआयएन क्रमांक आहे ना ते पाहावे. मिटलेल्या प्रकरणाचा निकाल किंवा तडजोडीची नक्कल न्यायालयातून काढून अर्जास जोडावी. ठाण्याच्या दप्तरात फिर्याद असते, तिचा निकाल असतोच असे नाही. तो आपणच नेऊन दिला पाहिजे. आणि लग्नाच्या वरातीत बंदुकीचे बार काढण्याची हौस कायमची सोडावी. त्या एका बाराने स्वतःचा परवाना जातो, क्वचित परक्याचा जीव जातो, आणि अधिकाऱ्यास मग कारण शोधावे लागत नाही.

दाजींच्या प्रकरणाचे पुढे काय झाले, असे आपण मनात म्हणत असाल. विलंब माफ करण्याच्या अर्जासह अपील दाखल केले. सुनावणी झाली. कारणाविना दिलेला हुकूम रद्द होऊन प्रकरण फेरविचारास गेले. तडजोडीची नक्कल जोडली, आणि २०२० साली परवाना पुन्हा मिळाला. कायदा जिंकला असे म्हणावयास हरकत नाही. परंतु पतसंस्थेत तोवर दुसरा पहारेकरी लागला होता, आणि दाजींची साठी उलटली होती. ती बंदूक आता भिंतीवर आहे. ज्या दिवशी परवाना घरी आला त्या दिवशी माझ्या बहिणीने मला चहा दिला आणि शांतपणे म्हणाली, "अरे, त्यांना वाचता येत नव्हतं म्हणून ते तुझ्याकडे आले होते. तुला तर येत होतं ना?" या प्रश्नाचे उत्तर मजजवळ तेव्हाही नव्हते व आजही नाही.

म्हणून, बंधुभगिनींनो, मंडळाकडे माझी एक नम्र विनंती आहे. विद्यार्थ्यांस वह्या-पुस्तके देण्याचे आपले कार्य चालू राहावेच. परंतु त्याबरोबर दोन्ही तालुक्यांत महिन्यातून एक दिवस असा ठरवावा की, ज्या दिवशी ज्ञातीतील वकील व निवृत्त कर्मचारी एकत्र बसतील आणि कोणाच्याही हाती आलेला सरकारी कागद वाचून त्याचा अर्थ, त्यातील मुदत व पुढील मार्ग समजावून देतील. कागद बंदुकीचा असो, सातबाराचा असो वा पेन्शनचा असो. पहिल्या दिवशी शिरूरला मी स्वतः येऊन बसेन.

कारण विचारणे हा उद्धटपणा नव्हे. कारण सांगणे हा अधिकाऱ्याचा कमीपणाही नव्हे. जो अधिकारी कारण लिहितो त्याचा नकारसुद्धा माणूस मानाने स्वीकारतो. आपण नियम पाळावे, कागद जपावे, मुदत सांभाळावी आणि मग नम्रपणे पण लेखी विचारावे, एवढेच माझे सांगणे आहे.